परत मागितलेली साक्ष

मी आठवी-नववीच्या वर्गांना इतिहास शिकवते. आमची शाळा उर्दू माध्यमाची. पुस्तक बालभारतीचेच, फक्त लिपी आणि जुबान वेगळी. एका वर्षी मी नववीच्या मुलींना प्रकल्प दिला. घरातल्या सर्वांत वयस्कर बाईशी बोला आणि तिने स्वतः पाहिलेला, सोसलेला इतिहास तिच्याच शब्दांत लिहून आणा. चाळीसपैकी तीसेक मुलींनी पुस्तकातली स्वातंत्र्याची लढाईच नानीच्या तोंडी घालून आणली. एका मुलीने मात्र दोन पानांत १९७२ चा दुष्काळ लिहून आणला होता. तिची नानी तेव्हा बारा-तेरा वर्षांची. खडी फोडून हातांना आलेले फोड, कामावर मिळणारी सुकडी, रेशनचा लाल मिलो, आणि एका रात्री तिच्या आईने दुसऱ्याच्या मळ्यातून चोरून आणलेली भाजी. नानीने ती भाजी खाल्ली होती आणि आई मात्र उपाशी झोपली होती.

मी ते पान भित्तिपत्रकावर लावले. मला त्याचा अभिमान वाटला होता. तिसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत नानी स्वतः शाळेत आल्या. बुरख्याची नकाब वर करून म्हणाल्या, "मिस, वो कागज मेरेकू वापस देव. जो बोली सो सच्च बोली, लेकिन दीवार पे लगाने कू नहीं बोली थी मैं."

मी कागद काढून दिला. पण तो प्रश्न माझ्याकडेच राहिला. ज्यांचे कोणी ऐकले नाही त्यांचे ऐकावे, त्यांचा इतिहास लिहावा, असे आपण साहित्य संमेलनांतून वारंवार म्हणतो. वंचितांचा आवाज हा शब्द तर आता गुळगुळीत झाला आहे. पण आवाज नोंदवून घेतल्यावर तो कोणाचा होतो? बोलणाऱ्याचा, की लिहिणाऱ्याचा? या प्रश्नाचा शोध घेताना मी एका लेखिकेकडे गेले. तिने आयुष्यातली चाळीस वर्षे हेच काम केले, आणि तिच्याही दारात एक दिवस साक्ष परत मागायला माणसे आली. शाळेच्या दारात नव्हे, न्यायालयात आली. स्वेतलाना अलेक्सिएविच हे तिचे नाव. २०१५ साली साहित्याचे नोबेल मिळालेली बेलारूसची लेखिका.

अलेक्सिएविच यांचा जन्म १९४८ चा, पश्चिम युक्रेनमधल्या स्तानिस्लाव शहरातला. आज त्या शहराला इव्हानो-फ्रान्किव्स्क म्हणतात. वडील बेलारूसी, आई युक्रेनी. दोघेही खेड्यातले शिक्षक. त्या स्वतःही काही काळ शाळेत शिकवत होत्या, हे वाचून मला आपल्या घरातले कोणी भेटल्यासारखे वाटले. पुढे मिन्स्क विद्यापीठात पत्रकारितेचे शिक्षण, मग लहान गावातले वर्तमानपत्र, मग मासिक. लहानपण मात्र बेलारूसच्या खेड्यात गेले आणि त्या खेड्याची खूण त्यांच्या लिखाणावर कायम राहिली. दुसऱ्या महायुद्धात बेलारूसने जवळजवळ दर चार माणसांमागे एक माणूस गमावला. गावात पुरुष थोडेच उरलेले. संध्याकाळी बाकावर बसून बाया बोलत, त्यातून पोरीच्या कानांवर युद्ध पडे. शाळेच्या पुस्तकातल्या युद्धात सेनापती होते, नकाशे होते, विजयाची तारीख होती. बाकावरच्या युद्धात कोणाचा तरी वास होता, कोणाची तरी ओढणी होती.

या बायांचे ऐकून साहित्य होऊ शकते हे त्यांना अलेस आदामोविच या ज्येष्ठ बेलारूसी लेखकाकडून उमगले. नाझी सैन्याने बेलारूसमधली शेकडो गावे माणसांसकट जाळली. खातीन हे त्यांतले एक. २२ मार्च १९४३ या दिवशी तिथे १४९ माणसे मारली गेली, त्यांत ७५ मुले होती. आदामोविच आणि त्यांचे दोन सहकारी, यान्का ब्रिल आणि उलाद्झिमिर कालेस्निक, १९७० च्या दशकात टेपरेकॉर्डर घेऊन अशा गावांत फिरले. आगीतून वाचलेल्या माणसांचे बोलणे त्यांनी जसेच्या तसे टिपले आणि १९७५ साली त्याचे पुस्तक केले. इतक्या मोठ्या दुःखाबद्दल लेखकाने कल्पनेने लिहिणे आदामोविच यांना पटत नव्हते. ज्याने सोसले त्यालाच बोलू द्यावे, लेखकाने ऐकावे आणि क्रम लावावा, अशी त्यांची धारणा. अलेक्सिएविच यांनी हीच वाट धरली. एका पुस्तकासाठी पाच-सात, कधी दहा वर्षे. शेकडो माणसांच्या भेटी. एकेका माणसाकडे पुन्हा पुन्हा जाणे. मग त्या ढिगातून काही आवाज निवडून त्यांचे पुस्तक. त्यात निवेदकाचे बोलणे अगदी थोडे.

त्यांचे पहिलेच पुस्तक मात्र वाचकांपर्यंत पोहोचले नाही. खेडे सोडून शहरात आलेल्या माणसांच्या कैफियती त्यात होत्या. इथे थोडा संदर्भ द्यायला हवा. सोव्हिएत संघात १९३२ साली अंतर्गत पासपोर्टची पद्धत आली. शहरातल्या माणसाला पासपोर्ट मिळाला, सामुदायिक शेतीवरच्या शेतकऱ्याला नाही. पासपोर्ट नाही म्हणजे परवानगीशिवाय गाव सोडून कुठे राहता येत नाही. शेतकरी-कामगारांचे राज्य म्हणवणाऱ्या देशात शेतकरी असा जमिनीला बांधलेला होता. सर्व शेतकऱ्यांना पासपोर्ट देण्याचा निर्णय व्हायला १९७४ साल उजाडले. अलेक्सिएविच यांच्या पुस्तकातली माणसे याबद्दल बोलत होती. पुस्तकाचे खिळे जुळवून झाले होते. पक्षाच्या वरिष्ठांकडून हुकूम आला आणि जुळवलेले खिळे मोडले गेले. हुकूमशाही म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर तुरुंग आणि गोळीबार येतो. पण तिचे बरेचसे काम असे कागदावर चालते. कोणाला कागद द्यायचा, कोणाचा कागद छापायचा, हे ठरवण्यात तिची खरी ताकद असते. कागदासाठी तहसीलच्या खिडकीपुढे उभे राहिलेल्या माणसाला हे वेगळे समजावून सांगायला नको.

दुसरे पुस्तक युद्धातल्या स्त्रियांवर. त्याच्या नावाचा अर्थ साधारणपणे असा, की युद्धाला बाईचा चेहरा नसतो. महायुद्धात सोव्हिएत सैन्यात आठ ते दहा लाख स्त्रिया होत्या. परिचारिका आणि डॉक्टर होत्याच, पण नेमबाज, विमानचालक, रणगाडाचालक, सुरुंग काढणाऱ्या, तोफखान्यातल्याही होत्या. सैनिकांचे रक्ताने माखलेले कपडे धुणाऱ्या धोबिणी होत्या, पाव भाजणाऱ्या होत्या. पुरुषांच्या मोठ्या बुटांत पाय कोंबून, पुरुषांचे आतले कपडे घालून त्या लढल्या. विजय झाला आणि त्या परत आल्या तेव्हा काय झाले? पुरुष वीर ठरले. या मुलींबद्दल मात्र शेजारपाजारच्या बाया कुजबुजू लागल्या, की ही तिकडे चार वर्षे पुरुषांत राहून आली. लग्न ठरावे म्हणून अनेकींनी पदके पेटीच्या तळाशी टाकली, आघाडीवर होतो हेच कोणाला सांगितले नाही. तीस-पस्तीस वर्षे गप्प बसल्या.

अलेक्सिएविच त्यांच्याकडे गेल्या तेव्हा त्यांना एक गोष्ट लक्षात आली. बायांकडे दोन युद्धे होती. एक वर्तमानपत्रातले, आणि एक स्वतःचे. घरात तिसरा माणूस असला, विशेषतः नवरा असला, की बाई पहिले युद्ध सांगे. एका घरी तर नवऱ्याने आदल्या रात्री बायकोला बसवून युद्धाचा इतिहास शिकवून ठेवला होता, म्हणजे ती मुलाखतीत भलतेच काही बोलायची नाही. हा प्रसंग वाचून मला माझ्या वर्गातल्या त्या तीस मुली आठवल्या. नानीचे जगणे इतिहास असू शकते यावर त्यांचा विश्वासच नव्हता. म्हणून त्यांनी पुस्तकातला इतिहास नानीला पाठ करायला दिला. सत्तेला हवे तेच आठवायची सवय लागायला दर वेळी पोलीस लागतो असे नाही. चांगल्या हस्ताक्षराची हौस आणि गुणांची भीती एवढेही पुरते. त्यात आम्हा शिक्षकांचाही हात असतो.

हे पुस्तक दोन वर्षे छपाईविना पडून होते. वीर स्त्रियांना सामान्य बाया करून टाकले, असा आरोप झाला. मासिक पाळी, भूक, उवा, शत्रूच्या जखमी पोराची आलेली दया, हे कशाला लिहिता, असे विचारले गेले. गोर्बाचेव्ह सत्तेवर आले, वारे थोडे बदलले आणि १९८५ साली ग्रंथ बाहेर आला. त्याच्या सुमारे वीस लाख प्रती खपल्या. तरीही सेन्सॉरने काढलेला आणि त्यांनी स्वतःच भीतीने काढलेला मजकूर पुढे कित्येक वर्षांनी नव्या आवृत्तीत आला. स्वतः काढलेल्या भागाची कबुली देणारे लेखक थोडे असतात.

पुढचे एक पुस्तक अफगाणिस्तानचे. सोव्हिएत फौजा डिसेंबर १९७९ मध्ये अफगाणिस्तानात शिरल्या आणि १५ फेब्रुवारी १९८९ रोजी शेवटचा सैनिक परतला. या नऊ वर्षांत त्यांचे सुमारे पंधरा हजार सैनिक मेले. मेलेल्या अफगाणांची संख्या लाखांत मोजावी लागते. सैनिकांचे मृतदेह जस्ताच्या बंद पेट्यांतून घरी येत. पेटी उघडायची नाही, असा दंडक. आत आपलाच मुलगा आहे का, हे आईने कसे ओळखायचे? मुलगा कुठल्या युद्धात मेला हे थडग्यावर उघड लिहिण्यासही पहिली काही वर्षे मनाई होती. या पेट्यांवरूनच अलेक्सिएविच यांच्या पुस्तकाचे नाव पडले, जस्ताची पोरं. सैनिक, परिचारिका, विधवा आणि आया त्यात बोलतात.

इथे एक मुस्लिम वाचक म्हणून मला थांबावेसे वाटते. या पुस्तकात अफगाण आया जवळजवळ नाहीत. १९८८ साली अलेक्सिएविच काबूलला गेल्या होत्या. तिथल्या इस्पितळात एका लहान मुलाला त्यांनी खेळणे दिले, ते त्याने दातांत धरले. कारण त्याला हात नव्हते. तुमच्याच बॉम्बने ते गेले, असे त्याच्या आईने सांगितले. हा प्रसंग त्यांनी नोबेलच्या भाषणातही सांगितला. पण ती आई पुस्तकभर बोलत नाही, ओझरतीच दिसते. शिवाय या युद्धात मुसलमान दोन्ही बाजूंना होते. डिसेंबर १९७९ मध्ये काबूलच्या राजवाड्यावर जो हल्ला झाला, त्यात उझबेक, ताजिक, तुर्कमेन जवानांची खास पलटण होती. तिला मुस्लिम बटालियन असेच म्हणत. अफगाणांसारखे दिसणारे, त्यांची भाषा समजणारे जवान म्हणून त्यांना मुद्दाम निवडले होते. आपल्याच भाषेच्या माणसावर बंदूक रोखणाऱ्या त्या पोरांची गोष्ट अजून नीट कोणी ऐकलेली नाही. अलेक्सिएविच यांचे काम मोठे आहे. पण कितीही मोठा कान असला तरी त्याच्या ऐकण्याला हद्द असते, हेही आपण नोंदवून ठेवले पाहिजे.

आता त्या खटल्याकडे येते. डिसेंबर १९८९ मध्ये सोव्हिएत संसदेनेच अफगाणिस्तानात फौज पाठवणे चूक होते असा ठराव केला. १९९१ साली सोव्हिएत संघच उरला नाही. ज्या देशासाठी मुलगा मेला तो देश नकाशावरून गेला, आणि ते युद्धही चूक ठरले. मग आईजवळ काय राहिले? मुलगा वीर होता, एवढा एकच आधार. १९९२ साली काही आया आणि काही माजी सैनिकांनी अलेक्सिएविच यांच्यावर मिन्स्कच्या न्यायालयात दावे लावले. आमचे बोलणे मोडूनतोडून छापले, आमच्या मुलांना खुनी केले, आमच्या अश्रूंवर पैसा आणि कीर्ती मिळवली, असे आरोप होते. जिच्या दारात जस्ताची पेटी नुकतीच आलेली असताना अलेक्सिएविच तिच्या शेजारी बसल्या होत्या, अशी एक आईही समोरच्या बाजूला उभी होती. लष्करातल्या लोकांनी या आयांना पुढे केले, असे अलेक्सिएविच यांचे म्हणणे होते. देशोदेशीचे लेखक त्यांच्या पाठीशी उभे राहिले. डिसेंबर १९९३ मध्ये निकाल आला. एका सैनिकाची तक्रार न्यायालयाने काही अंशी मान्य केली, एका आईची फेटाळली.

हा खटला मी पहिल्यांदा वाचला तेव्हा मी पूर्ण लेखिकेच्या बाजूने होते. सत्ता आयांना वापरून घेते आहे, इतके ते मला सोपे वाटले. नानी शाळेत येऊन गेल्यावर मी तो पुन्हा वाचला. या वेळी आया वेगळ्या दिसल्या. दुःखाच्या पहिल्या दिवसांत माणूस जे बोलतो ते खरेच असते. पण त्याला पुढे वीस वर्षे त्याच मोहल्ल्यात राहायचे असते. त्याला जगण्यासाठी एक कहाणी लागते, आणि ती कहाणी पहिल्या दिवशीच्या बोलण्याशी जुळतेच असे नाही. आईने साक्ष बदलली म्हणजे ती खोटे बोलली, असे म्हणणे फार सोपे आहे. हुकूमशाहीने त्या आईचा मुलगा नेला आणि वर त्या मरणाचा अर्थही स्वतःच ठरवून दिला. तो अर्थ लेखिकेने काढून घेतला, पण त्याच्या जागी आईच्या हातात ठेवण्यासारखे तिच्याजवळ काही नव्हते. आई लेखिकेवर रागावली. राज्यावर रागवायला तेव्हा ते राज्यच समोर उरले नव्हते.

अलेक्सिएविच यांच्या पद्धतीवर अभ्यासकांचेही आक्षेप आहेत. मुलाखत कधी घेतली, कुठे घेतली, हे बहुधा लिहिलेले नसते. एकच साक्ष एका आवृत्तीत एक प्रकारे आणि नंतरच्या आवृत्तीत दुसऱ्या प्रकारे येते. काही ठिकाणी एकाचे वाक्य दुसऱ्याच्या नावावर गेल्याचेही दाखवून दिले गेले आहे. इतिहासाची शिक्षिका म्हणून मला हे आक्षेप गंभीर वाटतात. अलेक्सिएविच स्वतः आपल्या लेखनाला आवाजांची कादंबरी म्हणतात. दस्तऐवज म्हणून वाचणाऱ्याने ही पाटी विसरू नये. पण एका गोष्टीचे श्रेय त्यांना द्यावेच लागेल. जस्ताच्या पेट्यांवरच्या पुस्तकाच्या पुढल्या आवृत्त्यांत त्यांनी खटल्याची कागदपत्रे जोडली. दावा, जबान्या, आयांचे संतापाचे शब्द, निकाल, सगळे. आपल्याविरुद्धची साक्ष त्यांनी आपल्याच पुस्तकात ठेवली. आज ते पुस्तक उघडणाऱ्याला आईचे पहिले बोलणेही वाचायला मिळते आणि तिची तक्रारही.

१९९७ साली चेर्नोबिलचे पुस्तक आले. २६ एप्रिल १९८६ च्या पहाटे दीडच्या सुमारास चेर्नोबिलच्या अणुवीज केंद्रातली चौथी भट्टी फुटली. केंद्र युक्रेनमध्ये, पण वाऱ्याने किरणोत्सारी धुळीचा फार मोठा भाग बेलारूसवर आणला. एक कोटी वस्तीच्या त्या शेतकरी देशात स्वतःची एकही अणुवीज भट्टी तेव्हा नव्हती. चारशेहून अधिक गावे उठली. काही गावे तर खड्डा खणून पुरण्यात आली. सरकारने आधी गप्प राहून, मग बातमी लहान करून सांगितली. १ मे रोजी मुलांच्या मिरवणुका निघाल्या. अग्निशामक जवानाची बायको, मांजर-कुत्री मारायला पाठवलेले शिकारी, परत येऊन आपल्याच घरात चोरून राहणाऱ्या म्हाताऱ्या, या पुस्तकात बोलतात. २०१९ च्या गाजलेल्या चेर्नोबिल मालिकेत त्या जवानाच्या बायकोची कहाणी याच पुस्तकावरून आली.

त्याच पुस्तकात एक प्रकरण आहे. आपल्या वाचकांनी ते आवर्जून वाचावे. १९९२ ते १९९७ या काळात ताजिकिस्तानात यादवी युद्ध झाले. हजारो माणसे घरदार सोडून पळाली. त्यांतली काही कुटुंबे कुठे येऊन राहिली, तर चेर्नोबिलमुळे ओस पडलेल्या बेलारूसच्या गावांत. घरे रिकामी होती, कोणी हाकलत नव्हते. दिसत नसलेल्या किरणांची भीती त्यांना वाटेना, कारण दिसणाऱ्या बंदुकीची भीती त्यांनी पाहिली होती. जिथून सगळे जग पळत होते तिथे ही माणसे आसरा शोधत आली. २०१३ सालच्या पुस्तकात अशीच माणसे मॉस्कोत भेटतात. तळघरात दाटीवाटीने राहणारे, रस्ते झाडणारे, इमारती बांधणारे, रस्त्यात ओळखपत्रासाठी अडवले जाणारे ताजिक मजूर. त्यांच्या बापजाद्यांच्या काळी मॉस्को हीच त्यांची राजधानी होती. त्याच पुस्तकात बाकू शहरातली एक अर्मेनियन मुलगी आहे, जिने अझरबैजानी मुसलमान मुलाशी लग्न केले. १९९० च्या जानेवारीत बाकूत अर्मेनियनांच्या कत्तली झाल्या तेव्हा तिला लपून राहावे लागले, आणि पुढे नवरा-बायकोची कित्येक वर्षे ताटातूट झाली. इथे मारणारे आपल्याच धर्माचे होते. अलेक्सिएविच ते झाकत नाहीत, आणि त्याच शहरात तिला लपवणाराही होताच, हेही झाकत नाहीत. आपल्याला आपल्या जखमा सांगायच्या असतील तर आपल्या हातून झालेल्या जखमाही ऐकण्याची तयारी हवी. नाही तर वंचितांचा इतिहास ही नुसती तक्रारवही होईल.

या लेखिकेचा स्वतःच्या देशाशी संसार कधी सुखाचा झाला नाही. बेलारूसमध्ये १९९४ पासून अलेक्झांडर लुकाशेन्को यांची सत्ता आहे. अलेक्सिएविच २००० साली देश सोडून युरोपात गेल्या, २०११ साली परतल्या. ऑगस्ट २०२० च्या निवडणुकीनंतर लाखो लोक रस्त्यावर आले, तेव्हा विरोधकांनी सत्तांतरासाठी नेमलेल्या समन्वय परिषदेत त्या होत्या. परिषदेचे पुढारी एकामागून एक अटकेत किंवा देशाबाहेर गेले. सप्टेंबर २०२० मध्ये त्या जर्मनीला गेल्या. पुढल्या वर्षी त्यांचे लेखन बेलारूसच्या शालेय अभ्यासक्रमातून काढून टाकण्यात आले. शिक्षिका म्हणून मला सर्वांत बोचले ते हे.

दुसरा वाद भाषेचा. त्या बेलारूसी भाषेत लिहीत नाहीत, रशियनमध्ये लिहितात. देशाभिमानी मंडळींना ते खटकते. पण त्यांनी ज्यांचे ऐकले ती माणसे त्यांच्याशी रशियनमध्येच बोलली होती. घरी एक बोली, शाळेत दुसरी, लिहिताना तिसरी, हा अनुभव या अंकाच्या लेखकांना नवा नाही. आम्ही घरी दखनी बोलतो, शाळेत उर्दू शिकवतो आणि हा लेख मी मराठीत लिहिते आहे. कोणती जुबान तुमची, असे आम्हाला दोन्हीकडून विचारले जाते. ज्या भाषेत दुःख ऐकले जाईल तीही माणसाची भाषा होते, असे मला आता वाटते.

मराठीत हे काम झालेच नाही असे नाही. ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांना शोधून, त्यांच्या घरी जाऊन, त्यांचे बोलणे टिपून 'आम्हीही इतिहास घडवला' हा ग्रंथ १९८९ साली सिद्ध केला. तसा ग्रंथ मराठी मुलखातल्या मुसलमान बायांचा अजून व्हायचा आहे. विडी वळणाऱ्या, मागावर कांड्या भरणाऱ्या, दुष्काळात खडी फोडलेल्या, दंगलीच्या रात्री दार धरून बसलेल्या आयांचा. बोलणाऱ्या एकेक करून चालल्या आहेत. काम लवकर करायला हवे. पण घाईने करायला नको.

गेल्या सुट्टीत मी त्या नानींच्या घरी गेले. चहा झाला. मी त्यांना सांगितले, की मी एक लेख लिहिते आहे, एका परदेशी बाईवर, आणि त्यात तुमची गोष्ट आली तर चालेल का. नाव नाही, गाव नाही. त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग विचारले, चोरीचे लिहिणार का? मी म्हटले, तुम्ही नको म्हणाल तर नाही. त्या म्हणाल्या, "लिखो. लेकिन ये बी लिखो के मेरी माँ बाद में उस खेतवाले के घर जाके तीन दिन का काम फुकट करके आयी थी."

पहिल्या वेळी हे मी विचारलेच नव्हते.